पत्रकार काय विचारणार, हे ठरवण्याचा धंदा

प्रश्न असा आलाय की राजकारण्यांची मीडियातली इमेज पीआरवाले म्हणजे जनसंपर्कवाले बनवतात म्हणतात, तर ते नक्की करतात काय, सगळं पैशावरच चालतं का, आणि या लाईनमध्ये यायचं असेल तर काय यायला पाहिजे. मी आधी सात वर्षं एका पेपरच्या जिल्हा आवृत्तीत बातमीदार होतो, नंतरची सोळा वर्षं हेच काम करतोय. तीन आमदार, एक खासदार आणि दोन साखर कारखान्यांचे चेअरमन (हो, चेअरमनलाही इमेज लागते, वार्षिक सभा जवळ आली की जास्तच लागते). ज्यांचं काम केलं त्यांची नावं घेणार नाही. मोठी उदाहरणं देतो ती सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलेलीच आहेत, फक्त आमच्या बाजूने ती कशी दिसतात ते सांगतो.

लोकांना वाटतं आमचं काम म्हणजे कुर्ता कुठला घालायचा, फोटो कुठून काढायचा, रील कसं कापायचं. ते असतंच, पण ते कामाचं दहा टक्के पण नाही. रोज सकाळी सातला कात्रणं व्हॉट्सअॅपवर येतात, अर्धा तास चॅनेल फिरवायचे, आणि मग चहा गार होईपर्यंत एकच विचार करायचा की आज आपला माणूस गाडीतून उतरला की बूम म्हणजे लोगोवाला माईक पुढे करून चॅनेलची पोरं काय विचारणार. उत्तर काय कुणीही लिहून देतं हो, पक्षाच्या प्रवक्त्यांचं टिपण पण येतं वरून. पण प्रश्नच अडचणीचा असेल तर उत्तर कितीही छान असलं तरी चॅनेलवर पट्टी त्या प्रश्नाचीच चालते. म्हणून आमची सगळी कसरत प्रश्न बदलण्याची असते. हे एकदा डोक्यात बसलं की बाकी सगळ्या गोष्टी, कपडे, यात्रा, जाहिराती, रुसवे, राजीनामे, आपोआप समजायला लागतात.

२०२४ चं गुलाबी जॅकेट घ्या. जुलै २०२३ ला अजित पवार सत्तेत गेले, तेव्हापासून कुठंही गेले तरी एकच प्रश्न, काकांना का सोडलं. लोकसभेला पक्षाची एकच जागा आली, रायगडची, आणि बारामतीत घरातच पराभव. म्हणजे प्रश्न आणखीनच टोचणारा झाला. मग त्यांनी डिझाइनबॉक्स्ड नावाची प्रचाराची कंपनी आणली, ऑगस्टमध्ये जनसन्मान यात्रा काढली, आणि जॅकेट गुलाबी, स्टेज गुलाबी, गाड्या गुलाबी, बॅनर गुलाबी. लोक हसले, मीम झाले, आमच्या ऑफिसात पण दोन दिवस तेच चाललं होतं. पण एक गोष्ट बघा, बूम घेऊन उभी असलेली पोरं आता विचारायला लागली, दादा गुलाबीच का? आणि याचं उत्तर द्यायला दादांना काही त्रास नव्हता, कारण गुलाबीवरून गाडी थेट बहिणींवर येते आणि बहिणींवरून दीड हजार रुपयांवर. विधानसभेला ५९ जागा लढवून ४१ आल्या. आता त्या गुलाबी रंगामुळे आल्या असं त्या कंपनीच्या प्रेझेंटेशनमध्ये असेल, मी तरी मानत नाही, दीड हजार रुपये खात्यात पडत होते त्याने आल्या. पण सरकारात तीन पक्ष असताना ते दीड हजार कुणी दिले हे लोकांच्या डोक्यात घालायचं काम रंगाने केलं हे मान्य करावं लागेल. योजनेचं नाव होतं मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण, आणि राष्ट्रवादीच्या जाहिरातींत त्यातला ‘मुख्यमंत्री’ हा शब्दच गायब होता. शिंदेंच्या मंत्र्यांनी त्यावरून तक्रार केली, बातम्या झाल्या. एक शब्द गाळला तर मंत्रिमंडळात वाद होतो, इतकी ही बारीक शिलाई असते.

नावाचं निघालंच आहे तर सांगतो, आपल्याकडे इमेज सुरू होते ती नात्याच्या हाकेपासून. आबा, दादा, ताई, भाऊ, भाई, अण्णा, साहेब. नवीन माणूस लाँच करायचा तर आम्ही पहिल्या मीटिंगला लोगो ठरवत नाही, लोकांनी काय म्हणून हाक मारायची ते ठरवतो. एका नेत्याच्या पंचवीस वर्षांच्या पोराला साहेब म्हणायला लावलं होतं त्याच्या वडिलांनी, मी म्हटलं भैय्या ठेवा, साहेब घरात एक आहेत. ऐकलं नाही. गावात लोक पाठीमागं त्याला ‘छोटा साहेब’ म्हणायचे आणि ते कौतुकाने नव्हतं म्हणत. उलट फडणवीसांचं बघा, वर्षानुवर्षं ते ‘देवेंद्रजी’ होते, अभ्यासू, कायदा-बजेट वाले, म्हणजे आदर आहे पण जवळीक नाही. लाडक्या बहिणी आल्यावर ‘देवाभाऊ’ आलं. हा साधा बदल नाही, ‘जी’वरून ‘भाऊ’वर येणं म्हणजे स्टेजवरून ओसरीवर येणं. पण मग सप्टेंबर २०२५ मध्ये पेपरांत पानभर जाहिराती आल्या, शिवाजी महाराजांच्या चरणी फुलं वाहणारे देवाभाऊ, आणि खाली जाहिरातदाराचं नावच नाही. झालं, दुसऱ्या दिवशी चर्चा महाराजांची नाही, भाऊंची नाही, जाहिरातीचे पैसे कुणाचे याची. मी कुणालाही हेच सांगतो की जाहिरातीवर नाव घाला, अगदी मित्रमंडळाचं घाला, कारण नाव नसलं की तुम्हीच पत्रकाराच्या हातात प्रश्न देता.

असा फुकटचा प्रश्न हातात दिल्याचं सगळ्यात भारी उदाहरण १३ जून २०२३ चं. ‘राष्ट्रात मोदी, महाराष्ट्रात शिंदे’ ही पानभर जाहिरात. त्यात एका सर्व्हेचे आकडे, मुख्यमंत्री म्हणून २६.१ टक्के लोकांना शिंदे हवेत आणि २३.२ टक्के लोकांना फडणवीस. हा प्रश्न महाराष्ट्रात त्या सकाळपर्यंत कुणी उघडपणे विचारतच नव्हतं! सरकार एकत्र चाललंय, दोघं एका गाडीत फिरतायत, आणि यांच्याच जाहिरातीत छापून आलं की दोघांत मोठा कोण. शिवाय जाहिरातीत बाळासाहेबांचा फोटो नाही, ज्यांच्या नावावर पक्ष घेतला त्यांचाच नाही. दुसऱ्या दिवशी सुधारित जाहिरात आली, बाळासाहेबही आले, फडणवीसही आले, पण तोवर चोवीस तास सगळ्या चॅनेलवर तेच. हे कुणाच्या टेबलावरून पास झालं असेल याचा मी खूप विचार केलाय, कारण असल्या जाहिरातीत काय होतं ते मला माहितीय. रात्री साडेदहाला पेपरचा माणूस फोनवर फोन करत असतो की पान सोडायचंय, नेता झोपलेला किंवा विमानात, आणि नेत्याला खूश करायला बसलेली चार माणसं टेबलाभोवती. त्या टेबलाभोवती ‘साहेब, हे नको’ म्हणणारा एक माणूस पगारावर ठेवायचा असतो. तो बहुतेकांकडे नसतो.

आता तुम्ही म्हणाल पावसातल्या सभेचं काय. तो सगळ्यांचा आवडता विषय आहे आणि बहुतेकजण तो अर्धाच सांगतात. गोष्ट पावसाच्या तीन आठवडे आधी सुरू होते. सप्टेंबर २०१९, निवडणूक तोंडावर, शिखर बँकेच्या प्रकरणात ईडीने शरद पवारांचं नाव घेतलं. सगळ्या पेपरांचा प्रश्न एकच, पवार संपले का, कारण एकेक सरदार भाजपात चालला होता. अशा वेळी नेते काय करतात, वकील पुढे करतात, ‘न्यायव्यवस्थेवर विश्वास आहे’ म्हणतात. त्यांनी सांगितलं मी स्वतःच २७ सप्टेंबरला ईडीच्या ऑफिसात जातो. नोटीस नाही, बोलावणं नाही, मीच येतो. आता त्या संस्थेला, पोलिसांना, सरकारला सगळ्यांनाच घाम. मुंबईचे पोलीस कमिशनर घरी येऊन नका जाऊ म्हणाले. म्हणजे संपलेत का हा प्रश्न दोन दिवसांत उलटून ‘यांना आता अडवायचं कसं’ असा झाला. इतका साफ फिरवलेला दिवस मी दुसरा पाहिला नाही. आणि गंमत बघा, त्याच संध्याकाळी पुतण्याने आमदारकीचा राजीनामा दिला आणि रात्रीच्या सगळ्या हेडलाईन तिकडे गेल्या. घरचा माणूस तुमचा दिवस खातो, हे आमच्याकडे रोजचं आहे, कधी मेहुणा, कधी पोरगा, कधी पीए.

मग १८ ऑक्टोबरची साताऱ्याची सभा, मतदान तीन दिवसांवर. पाऊस काही कुणी ठरवला नव्हता, ते नशीब. पण ऐंशीला टेकलेला माणूस छत्री बाजूला करून बोलत राहिला आणि बोलला काय, तर लोकसभेला उमेदवार निवडताना माझी चूक झाली, ती तुम्ही दुरुस्त करा. फोटोबद्दल सगळे बोलतात पण मला ती कबुली जास्त मोठी वाटते, कारण आता भाजपात गेलेल्या उदयनराजेंना तिकीट तुम्हीच दिलं होतं ना हा प्रश्न त्यांनी विरोधकांच्या हातातून स्वतःच काढून घेतला. दुसऱ्या दिवशी सकाळी तो फोटो माझ्या घरच्या सोसायटीच्या ग्रुपवर होता, जिथं एरवी फक्त पाण्याच्या टाकीचे मेसेज येतात. साताऱ्याच्या लोकसभा पोटनिवडणुकीत पवारांचे उमेदवार श्रीनिवास पाटील ८७ हजारांहून जास्त मतांनी निवडून आले.

त्यानंतर आमच्या धंद्यावर एक संकट आलं, ते म्हणजे प्रत्येकाला पाऊस पाहिजे. पुढच्या एका निवडणुकीत आमच्या आमदारांनी रात्री मीटिंगमध्ये विचारलं, पावसाचं काही करता येईल का. आम्हाला वाटलं मंडप वॉटरप्रूफ करायचं म्हणतायत. नाही, त्यांना पडलेला पाहिजे होता. एक कार्यकर्ता म्हणाला नगरपालिकेचा अग्निशमनचा बंब आहे की, मागून फवारा मारू. मी हात जोडले. साहेब, बंबाचा व्हिडिओ काढायला तिथं दोनशे मोबाईल असतील. ते गप्प बसले पण मनातून पटलं नव्हतं, पुढं महिनाभर आभाळ आलं की माझ्याकडं बघायचे.

इथंच ती मूळ गोष्ट येते, जी नेत्यात मुळात नाही ती चिकटवता येत नाही. त्याच्यात जे आधीच आहे त्यातलं एक उचलायचं आणि पुन्हापुन्हा तेच दाखवायचं, बाकीच्यावर पडदा टाकायचा. आर. आर. पाटलांचं, म्हणजे आबांचं बघा. साधेपणा खरा होता, ग्रामस्वच्छता अभियान, डान्सबार बंदी, सगळं त्या एका ओळीत बसायचं. आणि २६/११ नंतर, प्रेसमध्ये, हिंदीतून, बडे बडे शहरों में वालं ते वाक्य. एका वाक्याने गृहमंत्रिपद गेलं. मी त्या वेळी अजून बातमीदार होतो, आमच्या डेस्कवर सगळे थिजले होते, कारण आबा असं बोलूच शकत नाहीत अशी सगळ्यांची खात्री होती. आज विचार करतो तेव्हा मला दिसतं की मराठीत विचारलं असतं तर हे वाक्य आलंच नसतं. माणूस दमलेला, तीन रात्री झोप नाही, भाषा दुसरी, आणि दुसऱ्या भाषेत आपल्याला सिनेमाचे डायलॉग आधी आठवतात. तेव्हापासून माझा नियम आहे, मोठी घटना घडली की आमचा माणूस मातृभाषेतच बोलणार, हिंदी चॅनेलला वाईट वाटलं तर वाटू दे. मुख्यमंत्री विलासराव देशमुखांचं त्याच आठवड्यात वेगळं झालं, ताजच्या पाहणीला मुलगा आणि सिनेमा डायरेक्टर बरोबर. पाहणी गरजेचीच होती. पण तिथं कोण कोण उभं आहे हे कॅमेरा दाखवतो, आणि गाडीत कोण बसतंय ते बघायला दारात एक माणूस पाहिजे होता. दोघांची पदं गेली. आबा वर्षभरात परत गृहमंत्री झाले हे मात्र लोक विसरतात, मूळ इमेज घट्ट असेल तर माणूस परत उभा राहतो.

चूक झाल्यावर काय करायचं यावर मला रोज फोन येतात म्हणून जरा थांबून सांगतो. पहिले दोन तास काहीच बोलायचं नाही, आणि दोन तासांनंतर गप्प राहायचं नाही. मधल्या वेळात ठरवायचं की आपण चुकलोय का. चुकलो असलो तर एकदाच, एका वाक्यात, ‘पण’ न लावता माफी. एप्रिल २०१३ मध्ये दुष्काळात धरणावरून इंदापूरच्या सभेत अजित पवार जे बोलले ते सगळ्यांना पाठ आहे. माफी मागून भागेना तेव्हा ते कराडला यशवंतरावांच्या समाधीपाशी दिवसभर आत्मक्लेश करत बसले. नाटक म्हणाले लोक. म्हणू देत, पण त्याने झालं काय की ‘असं बोललेच कसे’ हा प्रश्न जाऊन ‘हे खरं की नाटक’ हा प्रश्न आला, आणि दुसरा प्रश्न पहिल्यापेक्षा कितीतरी स्वस्त असतो.

याच्या उलट जुलै २०२५. विधान परिषदेत मोबाईलवर रमी खेळतानाचा म्हणून कृषिमंत्री कोकाट्यांचा व्हिडिओ आला. ते म्हणाले मी खेळत नव्हतो, गेम आपोआप आला होता, तो स्किप करत होतो. आता हे खरंही असेल, मी आत जाऊन बघितलं नाही. पण खुलासा असा पाहिजे की त्यातून नवीन प्रश्न निघाला नाही पाहिजे. यातून लगेच निघाला, मग किती सेकंद लागतात स्किप करायला? लगेच दुसरा व्हिडिओ, मग प्रेस, मग त्यात आणखी काहीतरी बोलणं, आणि दोन दिवसांत मरणारी बातमी दहा-बारा दिवस चालली. महिनाअखेरीला खातं बदलून क्रीडा खातं मिळालं, त्यावर लोकांनी काय जोक केले ते सांगायला नको. माझ्या माणसाचं असतं तर मी म्हटलं असतं, सभागृहात मोबाईल हातात घेतला ही चूक झाली, माफ करा, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी बांधावर. बस.

मोबाईल आणि माईक या दोन वस्तूंनी जेवढी करिअर खाल्ली तेवढी विरोधकांनी नाही खाल्ली. सप्टेंबर २०२३ मध्ये मराठा आरक्षणाच्या बैठकीनंतर प्रेसला बसताना मुख्यमंत्री शिंदे शेजाऱ्यांना म्हणाले, आपण बोलून मोकळं व्हायचं आणि निघून जायचं, आणि फडणवीसांनी हळूच सुचवलं की माईक चालू आहे. शिंदेंनी नंतर सांगितलं की अर्थाचा अनर्थ केला, फक्त ठरलेल्या विषयावर बोलू एवढंच म्हणायचं होतं, आणि तसं असूही शकतं, पण व्हिडिओला अर्थ सांगायला कुणी बरोबर जात नाही. माझ्या टीममध्ये एका पोराचं काम फक्त एवढंच आहे, नेता खुर्चीवर बसायच्या आधी जाऊन खुर्चीवर पेन ठेवायचं आणि कानात सांगायचं ‘चालू आहे’. माईक चालू असो नसो. त्याला आम्ही पगार देतो आणि तो सगळ्यात वसूल पगार आहे.

यावर एक उपाय बऱ्याच जणांनी शोधला, पत्रकारच नकोत. उद्धव ठाकरे मुख्यमंत्री असताना कोरोनात फेसबुक लाईव्ह करायचे, शांत आवाज, घरातल्या मोठ्या माणसासारखं बोलणं, माझ्या आईसारख्या भाजपला मत देणाऱ्या बायका पण टीव्ही लावून ऐकायच्या. काम म्हणून बघाल तर फार सुंदर होतं ते. पण लाईव्हमध्ये कुणी मध्येच प्रश्न विचारत नाही, आणि तोच त्याचा फायदा आणि तोच तोटा. मंत्रालयात बसलेल्या, गल्लीबोळात फिरणाऱ्या रिपोर्टरशी नातं राहत नाही, आमदारांशी पण राहत नाही. मग विरोधकांना ‘घरात बसलेले मुख्यमंत्री’ हे तीन शब्द मिळाले आणि ते पुसता आले नाहीत. शेवटी २९ जून २०२२ ला राजीनामा पण लाईव्हवरच दिला. मोदींचं तसंच, मे २०१९ ला अमित शहांबरोबर प्रेसला बसले पण प्रश्न घेतले नाहीत. त्यांना ते झेपतं कारण त्यांच्यामागे देशभराची यंत्रणा आहे. तालुक्याच्या आमदाराने ते करायला गेलं तर आठ दिवसांत स्थानिक पेपर त्याचं नाव शेवटच्या पानावर नेतात.

आणि नुसतं लक्ष वेधलं म्हणजे मतं मिळतात असंही नाही, हे राज ठाकरेंच्या ‘लाव रे तो व्हिडिओ’ने दाखवलं. २०१९ ला पूर्ण राज्याचा प्रश्न एका माणसाने ठरवला, चॅनेलनी दीड-दीड तासाची भाषणं लाईव्ह दाखवली, पण लोकसभेला त्यांचा स्वतःचा एकही उमेदवार नव्हता आणि निकालात युतीला ४८ पैकी ४१. दुकान सजवलं होतं, गिऱ्हाईक आलं होतं, आत माल नव्हता.

आता पैशाचं. हो, चालतो, आणि सगळ्यात जास्त चालतो तो तुम्हाला दिसत नाही तिथं, जिल्ह्याला. मुंबईच्या स्टुडिओपेक्षा नेत्याची खरी इमेज तालुका वार्ताहर घडवतो. त्याला पगार नावाला असतो, कित्येकांना तर तोही नाही, वर जाहिरातीचं टार्गेट असतं. मग नेत्याचा वाढदिवस आला की पुरवणी. त्यात ‘शुभेच्छुक’ म्हणून पतसंस्था, शिक्षणसंस्था, कारखाना, बाजार समितीचे संचालक, आणि मधल्या पानावर कार्यसम्राटांच्या जीवनावर लेख, जो बहुतेक वेळा मी लिहिलेला असतो. एकदा मी एकाच नेत्यावर चार पेपरांना चार लेख दिले आणि चारही ठिकाणी ‘लहानपणीच आईकडून संस्कार मिळाले’ हे वाक्य राहून गेलं, त्यांच्या आईने स्वतः फोन करून विचारलं, चारचारदा कशाला रे लिहिलंस.

वर्षभर पुरवण्यांतून पैसे जातात म्हणून निगेटिव्ह बातमी थोडी मऊ येते. कुणी पाकीट देऊन बातमी मारतो असं रोज होत नाही, तो सिनेमातला प्रकार. खरं असं होतं की बातमीदार स्वतःच विचार करतो की पुढच्या महिन्यात पुरवणी आहे.

निवडणुकीत याचं पॅकेज होतं आणि ते बेकायदा आहे. २००९ ची गोष्ट सगळ्यांनी वाचायला पाहिजे. अशोक चव्हाण मुख्यमंत्री होते, आणि एकमेकांचे स्पर्धक असलेल्या पेपरांत त्यांच्या कौतुकाचे तेच ते मजकूर शब्दन् शब्द छापून आले, ‘अशोक पर्व’ नावाने पानंच्या पानं. पी. साईनाथ यांनी द हिंदूमध्ये ते उघड केलं. खर्चाच्या हिशेबात पेपरच्या जाहिरातींचे दाखवले होते ५,३७९ रुपये. चव्हाणांनी आरोप मानले नाहीत, प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलं, २०१४ ला निवडणूक आयोगाने हिशेब नीट दिला नाही म्हणून त्यांच्या विरोधात आदेश काढला आणि त्याच वर्षी दिल्ली हायकोर्टाने तो रद्द केला. म्हणजे कोर्टात टिकलं नाही, पण त्यातून आमच्या लाईनमधले लोक एक गोष्ट शिकले, मजकूर बदलून द्यायचा. पेड न्यूज, म्हणजे पैसे घेऊन छापलेली बातमी, बंद झाली नाही, तिची भाषा सुधारली.

आता जिल्ह्याजिल्ह्यात एमसीएमसी म्हणजे माध्यम प्रमाणन समिती असते, टीव्ही, रेडिओ, सोशल मीडियाच्या जाहिराती आधी तिच्याकडून पास करून घ्याव्या लागतात, संशयास्पद बातमी दिसली तर तिचा खर्च उमेदवाराच्या नावावर टाकतात. विधानसभेच्या उमेदवाराला ४० लाखांची मर्यादा आहे. पक्षाला मर्यादाच नाही, त्यामुळे हुशार माणूस सगळं पक्षाच्या नाहीतर ‘जनतेच्या’ नावावर टाकतो. आणि समितीत बसलेली मोजकी माणसं शेकडो पोर्टल आणि यूट्यूब चॅनेल कधी बघणार? गावोगाव ज्याच्याकडे मोबाईल आणि छापील लोगोचा बूम आहे तो चॅनेल आहे आता. त्यांच्यातले काही जिवावर उदार होऊन खरं काम करतात, मोठे पेपर छापत नाहीत ते दाखवतात, आणि काही सकाळी व्हिडिओ टाकतात आणि दुपारी डिलीट करायचा रेट सांगतात. दोघांना एकाच तराजूत तोलणाऱ्या नेत्याचं मी काम घेत नाही, कारण तो कधीतरी खऱ्यालाच धमकी देणार आणि मग ते निस्तरायला मला लावणार. २०२३ मध्ये भाजपचे तेव्हाचे प्रदेशाध्यक्ष बावनकुळेंची नगरची ऑडिओ क्लिप आली होती ना, पत्रकारांना चहाला न्या, ढाब्यावर न्या, निगेटिव्ह छापून येऊ नये. त्यांनी नंतर खुलासा केला की सन्मानाने वागा एवढंच म्हणायचं होतं. मला त्यात धक्का बसला नाही, ढाब्यावर कुठला पक्ष नेत नाही? फक्त ते माईकवर सांगतात याचा धक्का बसला.

सल्ला मागितलाय म्हणून शेवटचं. या कामात यायचं असेल तर डिझाइन, रील, एआय हे सगळं सहा महिन्यांत शिकाल, ते शिकलेली पोरं पुण्यात ढिगाने आहेत. बातमी लिहायला शिका. दोन वर्षं कुठल्यातरी पेपरमध्ये घासा, म्हणजे डेस्कवर रात्री दहाला काय कापलं जातं आणि का ते कळेल. मी पीआरमध्ये नवीन असताना कार्यक्रमाच्या आदल्या दिवशीच प्रेसनोट पाठवून दिली, ‘कार्यक्रम हजारोंच्या उपस्थितीत उत्साहात पार पडला’. रात्री वळीव आला, मंडप पडला, कार्यक्रम रद्द. आणि सकाळी दोन पेपरांत तो उत्साहात पार पडला होता. नेता चिडला नाही, उलट म्हणाला बरं झालं, पुन्हा घ्यायला नको. मला मात्र त्या दिवसापासून छापून आलेल्या कुठल्याही कार्यक्रमाच्या बातमीवर पहिला डाउट येतो तो हाच, मंडप उभा होता का.

आणि पैसे महिन्याच्या महिन्याला घ्या, प्रचार संपल्यावर हिशेब करू म्हणाले तर उठून या. हरलेला उमेदवार फोन उचलत नाही आणि जिंकलेल्याला फोन उचलायला वेळ नसतो. माझं २०१४ चं एक बिल अजून बाकी आहे, साहेब लग्नात भेटले की खांद्यावर हात टाकून फोटो काढतात, आणि तो फोटो त्यांच्या पेजवर ‘जुन्या सहकाऱ्यांसोबत’ म्हणून पडतो. कॅप्शन मीच शिकवलेली आहे.